कुंपणापर्यंत

इसिद्रो होता तोवर एकच उपाय होता :
गुळगुळीत पत्र्याचा डबा, मातीत गळ्यापर्यंत पुरलेला,
तळाशी पिकल्या टोमॅटोची फोड.
वासावर सरडा उतरायचा,
वर चढायला मात्र पत्र्यात नख रुतत नसे.
उरलेलं काम दुपारचं ऊन करायचं.
संध्याकाळी तो डबा दरीत उलटा करून यायचा,
हात धुवायचा,
आणि वाइनचा पहिला घोट न बोलता घ्यायचा.

फिदेलिनाने कधी हरकत घेतली नाही.
ला पाल्माच्या पश्चिम उतारावर द्राक्षाच्या चार ओळी,
काळ्या लाव्हाच्या खडीला पोट लावून वाढणाऱ्या,
आणि सरडे रोज एकेक घड पोखरून जात.
पण तो गेल्यानंतरच्या पहिल्या ऑगस्टात
तिने डब्यात वाकून पाहिलं :
एक नर, गालांवर निळा,
फोडीला तोंडसुद्धा न लावता
पत्र्याला पुढचे पाय टेकून उभा.
सरकारी खिडकीपाशी म्हातारी माणसं
उभी राहतात ना, तसा.

जुन्या टॉवेलात तिने त्याला अलगद घेतला
(शेपटी धरली तर शेपटीच हातात उरते, हे ठाऊक होतं)
आणि दरीपलीकडे निवडुंगात सोडून आली.
येताना गुडघा बोलत होता.
चौथ्या दिवशी डब्यात पुन्हा निळे गाल.
सेलेदोनिओ बांधावरून हसला :
"सगळे सारखेच दिसतात. हा दुसरा असणार."

मग तिने यायसाकडे नेलपॉलिश मागितली,
फार्मसीतली मुलगी, तिने विचारलं, कुठला रंग?
ही म्हणाली, लांबून दिसेल तो.
पाठीवर एक नारिंगी ठिपका.
या खेपेला बसने, चर्चच्याही खाली, तिसऱ्या वळणापर्यंत,
मांडीवर बुटांचं खोकं, झाकणाला भोकं.
चालकाने विचारलं, कोंबडीचं पिल्लू का?
"पाहुणा," ती म्हणाली. "परत चाललाय."

सरड्याची धाव कुंपणापर्यंत, असं म्हणणाऱ्यांनी
सरड्याला कधी बसने धाडलेलं नसतं.
अकराव्या दिवशी नारिंगी ठिपका
बांधावर ऊन खात बसलेला.
वाळलेला. शेपूट नव्हती.

सेलेदोनिओला तिने सांगितलं नाही.
रात्री हसिंतो आठवला, मोठा भाऊ.
तो व्हेनेझुएलाच्या बोटीत बसला तेव्हा
घरात खाणारं एक तोंड कमी झालं,
आणि हे कुणी मोठ्याने म्हटलं नव्हतं.
माराकाइबोहून शेवटचं पत्र :
अंजिराला पाणी घालता ना अजून?
इतकी वर्षं ती धरून चालली होती
की त्याला वाट सापडली नसेल.
वाट माहीत असूनही एखादा...
तेवढ्यात दारावरच्या दिव्यापाशी
पाल चुकचुकली.
तिने दिवा घालवला. किडे गेले, मागोमाग तीही गेली.
एवढं सोपं होतं ते.

दुसऱ्या दिवशी तिने डबा उपसला.
वेलींजवळचा दगडांचा ढीग, लपायची जागा,
पाट्या पाट्या करून मागे नेला,
त्याला एक आठवडा लागला, शिव्याही लागल्या.
आपले फाटके मोजे घडांना चढवले.
शेजारीपाजारी येऊन बघून गेले,
वेलीला मोजे घालणारी बाई.
मोजे संपले तिथे ती थांबली,
कोपऱ्यातली वेल उघडीच राहिली,
ती तिने हिशेबात धरली नाही.
आणि रोज सकाळी, फुटके टोमॅटो
अंजिराखाली.

सप्टेंबरात त्याने कात टाकली,
ठिपकाही तिच्यासोबत गेला.
सेलेदोनिओ म्हणाला होता तसे
आता खरंच सगळे सारखे दिसतात.
टोमॅटो ठेवून ती लगेच घरात जात नाही.
जो बांधावर येईल त्याच्याकडे
जरा वेळ बघत उभी राहते.